फेरफाराची नोटीस आणि बहिणीचं नाव

उल्हासनगर कॅम्प ५, अंबरनाथ, बदलापूर या पट्ट्यातल्या आपल्या कितीतरी घरांचं पोटपाणी इथे आणि वडिलोपार्जित जमीन गावाला. वडिलांचा इंतकाल होतो, काही दिवसांनी सगळे आपापल्या कामावर परततात. गावी राहणारा भाऊ वारस नोंदीचा अर्ज देतो. पुढे कधीतरी सातबारा हातात येतो, तेव्हा त्यावर भावांची नावं असतात, बहिणींची नसतात. "सरकारी कागद झाला, आता काय करणार?" असं म्हणून विषय मिटवला जातो. खरं तर तो तिथे मिटत नाही.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम १९६६ चं कलम १५० सांगतं की तलाठ्याने (आता ग्राम महसूल अधिकारी) फेरफार नोंदवला की त्याची प्रत चावडीवर लावायची आणि संबंधितांना लेखी कळवायचं. हरकतीसाठी १५ दिवस असतात. हरकत तोंडी सांगितली तरी चालते, तिची पोच मिळाली पाहिजे. हरकत आली की प्रकरण तक्रार नोंदवहीत जातं. दोन्ही बाजूंचं ऐकल्यावरच मंडळ अधिकारी किंवा त्यावरचा अधिकारी निर्णय देतो.

मग बहिणीला नोटीस का मिळत नाही? कारण नोटीस जाते ती मुख्यतः ज्यांची नावं कागदावर दिसतात त्यांना. अर्जातच बहिणीचं नाव लिहिलं नाही, तर तलाठ्याला ती कळणार कुठून? चावडीवर कागद लागतो, मुदत संपते, नोंद मंजूर होते. कॅम्प ५ मध्ये राहणाऱ्या बहिणीला काहीच कळत नाही.

सातबाऱ्यावरून नाव गेलं म्हणजे मालकी गेली असं नाही. फेरफाराने मालकी मिळत नाही आणि जातही नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितलं आहे. पण कलम १५७ प्रमाणे नोंद खोटी ठरेपर्यंत ती खरी धरली जाते. म्हणजे ज्याचं नाव लागलं तो निवांत बसतो आणि जिचं राहिलं तिला पुरावे घेऊन फिरावं लागतं. म्हणूनच नोंद होण्याआधीची सुनावणी मोलाची.

कलम १५५ ही असंच लक्षात ठेवावं. लेखनातली चूक दुरुस्त करण्यासाठी ते आहे. अधिकाऱ्याला तपासणीत चूक दिसली, तरी संबंधितांना नोटीस देऊन हरकती निकाली काढल्याशिवाय ती दुरुस्त करता येत नाही. 'चूक दुरुस्ती' म्हणून एखाद्याचा हक्कच परस्पर कमी करता येत नाही.

हेच तत्त्व मोठ्या प्रमाणावर वक्फच्या खटल्यात दिसलं. २०२५ च्या वक्फ दुरुस्ती कायद्यातल्या कलम ३सी ने, मालमत्ता सरकारी आहे की वक्फची हे ठरवून महसुली नोंदी बदलण्याची वाट सरकारी अधिकाऱ्याच्या अहवालातून काढली होती. १५ सप्टेंबर २०२५ च्या अंतरिम आदेशात सर्वोच्च न्यायालयाने त्या तरतुदी स्थगित केल्या. मालकीचा प्रश्न महसूल अधिकाऱ्याने ठरवायचा नाही, असं न्यायालयाने म्हटलं. आपल्या सर्वांना त्याचं समाधान वाटलं, आणि ते योग्यच होतं.

पण सरकारने आमचं ऐकावं असं म्हणणारे आपण, घरात बहिणीचं ऐकतो का? हजरत अली (रजि.) यांना काझी म्हणून यमनला पाठवताना प्रेषित मुहम्मद (स.) यांनी बजावलं होतं की एका पक्षाचं ऐकलंस तसंच दुसऱ्याचं ऐकेपर्यंत निर्णय देऊ नकोस. सूरह निसामध्ये मुलीचा हिस्सा अल्लाहने ठरवून दिला आहे. बहिणीने खुशीने हिस्सा सोडला तर गोष्ट वेगळी, पण तिला न विचारता तिचं नाव अर्जातून गाळणं ही खुशी नव्हे. "माहेर तुटेल" या भीतीने कोऱ्या कागदावर घेतलेली सहीसुद्धा खुशी नव्हे.

आता करायचं काय? 'आपली चावडी' या सरकारी संकेतस्थळावर जिल्हा, तालुका, गाव निवडलं की फेरफाराच्या नोटिसा मोबाइलवर दिसतात. घरात इंतकाल झाला असेल तर अधूनमधून ते पाहावं. वारसाची खबर तीन महिन्यांत द्यायची असते, ती बहिणीनेही द्यायला हरकत नाही. नोंद मंजूर झाली असेल तर ६० दिवसांत उपविभागीय अधिकाऱ्याकडे, म्हणजे प्रांताकडे, अपील करता येतं. नोटीसच मिळाली नव्हती म्हणून उशीर झाला असेल, तर तसं कारण देऊन विलंब माफीचा अर्ज जोडावा. हिश्श्यावरूनच वाद असेल तर मात्र दिवाणी न्यायालय आणि चांगला वकील.

आणि भावांनो, अर्ज तुम्ही लिहीत असाल तर वारसांच्या रकान्यात अम्मी आणि सगळ्या बहिणींची नावं स्वतःच लिहा. त्यांना फोन करून कळवा. तलाठ्याची नोटीस पोचायच्या आत त्यांना घरातून कळलेलं असावं.