सवलत कायद्यात आहे, पण मागायची कोणी? अध्ययन अक्षमता असलेल्या विद्यार्थ्यांना स्वतःची गरज स्वतः सांगायला शिकवणे

समजा, तुमच्या मुलीला डिस्लेक्सिया आहे. दहावीपर्यंत शाळेत अर्ज तुम्ही दिलेत, प्रमाणपत्रासाठी रुग्णालयात तुम्ही रांगा लावल्यात, वर्गशिक्षकांशीही तुम्हीच बोललात. बारावीनंतर ती दुसऱ्या शहरात शिकायला गेली. पहिल्या चाचणीला तिला वाढीव वेळ मिळाला नाही आणि ती काही बोललीही नाही, कारण तिच्या वतीने बोलण्याचे काम आजवर नेहमी दुसऱ्या कोणीतरी केले होते.

अध्ययन अक्षमता असलेल्या मुलांसाठी आपल्या देशात बऱ्याच सवलती आहेत. त्यांपैकी बहुतेक मागितल्याशिवाय मिळत नाहीत. म्हणून मागायला शिकणे हा सवलतीचाच एक भाग मानायला हवा. इंग्रजीत याला सेल्फ-अ‍ॅडव्होकसी म्हणतात. आपण साध्या मराठीत ‘स्वतःची गरज स्वतः सांगता येणे’ म्हणू. कायदा काय देतो, अडचण कुठे येते आणि हे कौशल्य घरी व शाळेत कसे शिकवता येईल, ते या लेखात पाहू.

कायदा काय सांगतो?

दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ हा कायदा १९ एप्रिल २०१७ पासून लागू आहे. १९९५ च्या जुन्या कायद्यात दिव्यांगत्वाचे ७ प्रकार होते, नव्या कायद्यात ते २१ झाले. ‘विशिष्ट अध्ययन अक्षमता’ हा त्यांपैकी एक आहे. वाचनाशी संबंधित डिस्लेक्सिया, लेखनाशी संबंधित डिसग्राफिया आणि गणिताशी संबंधित डिसकॅल्क्युलिया हे त्यातले नेहमी आढळणारे प्रकार.

विद्यार्थ्यांसाठी महत्त्वाच्या तरतुदी अशा :

• कलम १६ : अध्ययन अक्षमता लवकरात लवकर ओळखणे, तिला अनुरूप अध्यापन करणे आणि प्रत्येकाच्या गरजेप्रमाणे वाजवी सोय करून देणे हे शिक्षणसंस्थांचे काम आहे.
• कलम १७ : परीक्षेत वाढीव वेळ, लेखनिक, तसेच दुसऱ्या व तिसऱ्या भाषेतून सूट अशा बदलांची तरतूद.
• कलम ३१ : लक्षणीय दिव्यांगत्व (४० टक्के किंवा अधिक) असलेल्या ६ ते १८ वयोगटातील मुलांना मोफत शिक्षण.
• कलम ३२ : शासकीय व अनुदानित उच्च शिक्षणसंस्थांमध्ये लक्षणीय दिव्यांगत्व असलेल्यांसाठी किमान ५ टक्के जागा आणि वयोमर्यादेत ५ वर्षांची सूट.

महाराष्ट्रात दहावीच्या परीक्षेसाठी अशा सवलती १९९६ पासून, म्हणजे हा कायदा येण्याच्या कितीतरी आधीपासून आहेत. केंद्र सरकारच्या २०१८ च्या मार्गदर्शक सूचनांनुसार लेखी परीक्षेत तासाला किमान २० मिनिटे भरपाई वेळ द्यायचा असतो. तीन तासांच्या पेपरला हा एक तास होतो.

आणखी एक आधार आहे. दिव्यांग व्यक्तींच्या हक्कांविषयीच्या संयुक्त राष्ट्रांच्या करारास भारताने १ ऑक्टोबर २००७ रोजी मान्यता दिली. या कराराच्या ७ व्या अनुच्छेदाप्रमाणे दिव्यांग मुलांना त्यांच्याशी संबंधित बाबींत स्वतःचे मत मांडण्याचा हक्क आहे, आणि त्यासाठी वयाला साजेशी मदत मिळण्याचाही. मुलाला बोलायला शिकवणे हा अशा मदतीचाच भाग आहे.

मग अडचण कुठे येते?

अध्ययन अक्षमता डोळ्यांना दिसत नाही. चाकांची खुर्ची दिसली की उतार हवा, हे दारावरच्या माणसाला कळते. ‘घर’ वाचताना ‘धर’ वाचणारे, जोडाक्षरापाशी अडणारे, तोंडी उत्तर अचूक देऊन कागदावर तेच अर्धे लिहिणारे मूल मात्र बेफिकीर किंवा आळशी समजले जाते. त्याने सांगितल्याशिवाय समोरच्याला काही कळत नाही.

नियम स्पष्ट असूनही काय घडू शकते, हे २०२१ च्या एका प्रकरणात दिसले. वैद्यकीय पदवी प्रवेशासाठीच्या नीट परीक्षेला बसलेल्या एका विद्यार्थिनीला डिसग्राफिया होता. तिला एक तास वाढीव मिळायला हवा होता. केंद्रावर तो मिळाला नाही, इतरांबरोबरच तिचीही उत्तरपत्रिका काढून घेण्यात आली. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. २३ नोव्हेंबर २०२१ च्या निकालात न्यायालयाने पुन्हा परीक्षा घेण्यास नकार दिला. पण झालेला अन्याय दूर करण्यासाठी काय करता येईल, याचा आठवड्याभरात विचार करा, असा आदेश परीक्षा घेणाऱ्या यंत्रणेला दिला. केंद्रांवरील कर्मचाऱ्यांना नियमित प्रशिक्षण द्या, असेही बजावले.

त्याच वर्षी ११ फेब्रुवारीला आणखी एक महत्त्वाचा निकाल आला होता. दिव्यांगत्व ४० टक्क्यांपेक्षा कमी आहे एवढ्या कारणावरून लेखनिक नाकारता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात म्हटले. त्यानुसार लिहिण्यात अडचण असलेल्या, पण ४० टक्क्यांखालील उमेदवारांसाठी १० ऑगस्ट २०२२ रोजी स्वतंत्र मार्गदर्शक सूचना निघाल्या. “टक्के कमी आहेत, काही मिळणार नाही,” असे उत्तर मिळाले तर तेवढ्यावर माघारी फिरू नका. मोफत शिक्षण आणि आरक्षण यांसाठी ४० टक्क्यांची अट आहे. परीक्षेतील सोयींसाठी तीच अट सरसकट लावता येत नाही.

काय आणि कोणत्या वयात शिकवायचे?

८ ते १० वर्षे : अडचणीचे नाव. २०१८ च्या मूल्यांकन सूचनांनुसार अध्ययन अक्षमतेचे प्रमाणपत्र वयाच्या ८ व्या वर्षापासून मिळू शकत होते. तपासणी झाली की निकाल फाइलमध्ये ठेवून देऊ नका. मुलाला त्याच्या भाषेत सांगा : “तू ढ नाहीस. अक्षरं वाचायला तुला जास्त वेळ लागतो. ऐकलेलं मात्र तुझ्या चांगलं लक्षात राहतं.” अडचण आणि बलस्थान दोन्ही एकाच वेळी सांगा. नाव माहीत नसेल तर मूल स्वतःच एक नाव ठेवते, आणि ते बहुधा ‘मी मठ्ठ’ असते.

तपासणी मुलाच्या शिकण्याच्या भाषेत व्हावी असा आग्रह धरा. मराठी माध्यमातल्या मुलाची फक्त इंग्रजीतून चाचणी घेतली तर अडचण अक्षमतेची आहे की परक्या भाषेची, हे कळत नाही. मानेसर येथील राष्ट्रीय मेंदू संशोधन केंद्राने तयार केलेला ‘डाली’ हा चाचणीसंच मराठीतही आहे. बेळगाव, इंदूर, बडोदा अशा ठिकाणी राहणाऱ्या मराठी कुटुंबांनी हा मुद्दा तपासणीच्या वेळी जरूर विचारावा.

११ ते १४ वर्षे : तीन वाक्यांत मागणी. काय होते, कशाने मदत होते आणि आत्ता काय हवे, एवढेच सांगायचे. उदाहरणार्थ : “बाई, फळ्यावरचं उतरवताना माझ्या ओळी सुटतात. छापलेलं टिपण समोर असलं की मला जमतं. आजच्या टिपणाची झेरॉक्स मिळेल का?” हे वाक्य घरी मोठ्याने म्हणून घ्या. ताईने शिक्षक व्हावे, मुलाने मागणी करावी. एकदा ताईने मुद्दाम “आत्ता नाही” म्हणावे, म्हणजे नकार ऐकून पुढे काय बोलायचे याचाही सराव होईल.

१५ ते १८ वर्षे : कागद आणि तारखा. आता फाइल मुलाच्या हाती द्या. प्रमाणपत्र, यूडीआयडी कार्ड, पूर्वीच्या सवलतींची पत्रे आणि दिलेल्या अर्जांच्या पोच तिच्यात असाव्यात. २०१८ च्या त्याच सूचनांमध्ये १४ आणि १८ व्या वर्षी फेरतपासणी सांगितली होती, आणि १८ व्या वर्षीचे प्रमाणपत्र आयुष्यभरासाठी धरले होते. नियमांत वेळोवेळी सुधारणा होतात, म्हणून प्रत्येक परीक्षेचे चालू माहितीपत्रक मुलाने स्वतः वाचावे किंवा ऐकावे. सवलतीचा रकाना अर्ज भरतानाच भरायचा असतो, हे त्याला माहीत हवे.

अर्जाचा नमुना

पहिला अर्ज मुलाने स्वतः लिहावा किंवा बोलून दुसऱ्याकडून लिहून घ्यावा. सही त्याची असावी.

“मा. प्राचार्य यांस, स.न.वि.वि. मी अकरावी कला वर्गात शिकतो. मला डिसग्राफिया आहे, प्रमाणपत्राची प्रत सोबत जोडली आहे. मला उत्तरे येतात, पण लिहायला जास्त वेळ लागतो. दहावीच्या परीक्षेत मला वाढीव वेळ मिळाला होता. दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ च्या कलम १७ नुसार सहामाही परीक्षेतही मला तासाला २० मिनिटे वाढीव वेळ मिळावा, ही विनंती. याबाबतचा निर्णय कृपया लेखी कळवावा. आपला विश्वासू,”

अर्जाच्या दुसऱ्या प्रतीवर तारीख, सही आणि शिक्का घ्यायला विसरू नका.

नकार मिळाला तर?

१. नकार लेखी मागा आणि त्याचे कारण विचारा.
२. शाळेचा प्रश्न असेल तर जिल्हा शिक्षण कार्यालयातील समन्वय अधिकाऱ्याला भेटा. दिव्यांग मुलांचे प्रवेश आणि शाळेतील सोयी यांसाठी असा अधिकारी असावा, अशी तरतूद २०१७ च्या नियमांत आहे.
३. तरीही काम झाले नाही तर राज्याच्या दिव्यांग आयुक्तांकडे तक्रार करा. महाराष्ट्रात हे कार्यालय पुण्यात आहे. केंद्रीय संस्था किंवा परीक्षेबाबत मुख्य आयुक्त, दिव्यांगजन यांच्याकडे जाता येते.

या प्रत्येक पायरीवर मुलाला सोबत न्या आणि पहिले वाक्य त्याला बोलू द्या. बाकीचे तुम्ही सांगा.

शाळेची जबाबदारी मात्र संपत नाही

इथे एक धोका आहे. ‘मूल मागेल तेव्हा बघू’ असे म्हणायला संस्थांना हे निमित्त मिळता कामा नये. ओळखण्याचे आणि सोय करण्याचे कर्तव्य कलम १६ ने शाळेवर टाकले आहे. प्राथमिक पडताळणीसाठी राष्ट्रीय शैक्षणिक संशोधन व प्रशिक्षण परिषदेने २०२२ मध्ये ‘प्रशस्त’ हे साधन दिले आहे. त्याचा पहिला भाग वर्गातले नेहमीचे शिक्षकच भरू शकतात. पण पुढे मदत करणारे विशेष शिक्षक अनेक शाळांत नाहीत. प्राथमिक स्तरावर १० आणि त्यापुढे १५ दिव्यांग विद्यार्थ्यांमागे एक विशेष शिक्षक हे प्रमाण सर्वोच्च न्यायालयाने २०२१ मध्येच लक्षात आणून दिले होते. तरीही मार्च २०२५ मध्ये या पदांना मंजुरी देऊन ती भरण्याचे निर्देश राज्यांना पुन्हा द्यावे लागले.

शिक्षकांनो, तुमच्याकडून यात एक साधी गोष्ट होऊ शकते. सत्राच्या पहिल्या आठवड्यात संपूर्ण वर्गाला विचारा : “शिकताना तुम्हाला कशाची मदत होते?” उत्तर चिठ्ठीवर लिहून किंवा तोंडी एकट्याने येऊन सांगायची मुभा द्या. सगळ्यांनाच विचारल्यामुळे कोणी वेगळे पडत नाही, आणि ज्याला खरोखर काही मागायचे आहे त्याच्यासाठी वाट मोकळी होते.

पालकांनो, पुढच्या वेळी शाळेत गेल्यावर शिक्षकांनी “याला काय अडचण आहे?” असे विचारले, तर लगेच उत्तर देऊ नका. मुलाकडे बघा आणि थोडे थांबा. तो अडखळला तरी चालेल. पुढे वसतिगृहात, परीक्षा केंद्रावर आणि नोकरीच्या मुलाखतीत हा प्रश्न त्यालाच विचारला जाणार आहे, आणि तेव्हा तुम्ही शेजारी नसाल.