चापडा, आंबोली आणि आमचा कॅमेरा

परवा रविवारी हार्डडिस्क साफ करायला बसलो आणि आंबोलीचा एक जुना फोटो सापडला. पावसाळी रात्र, मागे काळाकुट्ट अंधार आणि वेलीवर वेटोळं घातलेला हिरवागार मलबारी चापडा. हा फोटो दाखवून मी ऑफिसात भरपूर भाव खाल्लाय. एकच गोष्ट कुणाला सांगितली नाही. तो साप त्या वेलीवर नव्हताच.

कोल्हापूरहून आजऱ्यामार्गे आम्ही चौघं गेलो होतो. चापडा दिसला तो खाली झुडपात, पानांच्या गर्दीत. "हितं फोटो नीट येत न्हाई, जरा वर घेऊया," असं म्हणून आमच्यातल्या एकानं काठीनं त्याला उचलून वेलीवर ठेवलं. आणि मी? मी टॉर्च धरला होता.

त्यावेळी काही वाटलं नाही. नंतर वाचलं तेव्हा वाटलं. चापडा हा भक्ष्याच्या मागे पळणारा साप नव्हे. डोळा आणि नाकपुडी यांच्या मध्ये त्याला एक खळगा असतो, त्यानं अंधारातही उंदरांच्या अंगाची ऊब कळते. जागा हेरायची आणि दबा धरून बसून राहायचं, हे त्याचं काम. म्हणजे ते झुडूप ही त्यानं निवडलेली जागा होती. चालू सिस्टीमला उगाच हात लावायचा नाही, हे आम्हा सॉफ्टवेअरवाल्यांना पहिल्या वर्षातच शिकवतात. पण जंगलात गेलो की विसरतो!

याच कुळातला एक पिवळसर सोनेरी साप ब्राझीलमध्ये आहे, गोल्डन लान्सहेड. साओ पावलोच्या किनाऱ्यापासून साधारण ३३ किलोमीटरवर जेमतेम ४३ हेक्टरचं एक बेट आहे, त्याच्याबाहेर तो जगात कुठंच नाही. बेटावर सामान्य माणसाला प्रवेश नाही. तरी चोरटे तस्कर पोचतातच म्हणे.

आपला चापडाही एका अर्थी बेटावरचाच. फक्त या बेटाभोवती समुद्र नाही, ऊन आणि शेती आहे. पश्चिम घाट सोडला तर तो जगात कुठं सापडत नाही. आमच्याकडच्या उसात घोणस भेटेल, चापडा नाही. त्याला घाटातला पाऊस, ओल आणि झाडीच लागते. आणि या बेटाला नौदलाचा पहारा नाही. तीन-चार तासांत गाडी घेऊन कुणीही पोचतो.

बत्तीस शिराळ्याच्या नागपंचमीला आपण शहरी लोकांनी किती नावं ठेवली! नाग पकडतात, मिरवतात, हाल करतात. शेवटी मुंबई उच्च न्यायालयानं जिवंत नागांच्या मिरवणुकीवर बंदी आणली. बरोबरच झालं. पण मग आम्ही त्या रात्री काय केलं? त्यांच्याकडे निदान श्रद्धा तरी होती. आमच्याकडे फक्त लेन्स. वन्यजीव कायदा १९७२ चा आहे, आणि तो कॅमेरा बघून सूट देत नाही.

हे ज्यांना पटत नाही त्यांच्यासाठी स्वार्थाची गोष्ट सांगतो. आपल्याकडे दवाखान्यात मिळणारी सर्पदंशाची लस नाग, मण्यार, घोणस आणि फुरसं या चार सापांच्या विषापासून बनते. त्यात चापडा नाही. त्याच्या दंशानं जीव जाणं दुर्मिळ, पण वेदना आणि सूज भरपूर. त्याच्यावर बेतलेलं औषध मात्र नाही. काठी हातात घेण्याआधी एवढं आठवलं तरी पुरे.

आंबोलीला जाऊच नका, असं माझं म्हणणं नाही. जरूर जा. जाणकार स्थानिक माणूस बरोबर घ्या, साप जिथं आहे तिथंच बघा, लांबून फोटो काढा, आणि फोटो टाकताना नेमकी जागा सांगू नका. पानाआड अर्धाच दिसला तर अर्ध्याचाच फोटो घ्या.

माझा तो फोटो मी डिलीट केला नाही. पण आता कुणाला दाखवला तर आधी काठीची गोष्ट सांगतो. मग कुणी "वा!" म्हणत नाही. चालतंय.