सायकल की मोटार?

गेल्या हिवाळ्यात चकलांब्याला भाच्याकडे जाण्याचा योग आला. गेवराई तालुक्यातले हे गाव. भोवताली कापसाची शेते, आणि दिवस मावळला की रस्त्याने कापूस भरलेल्या बैलगाड्या. मोठ्या उत्साहाने वाड्यात शिरलो, तो भाचेराव समोर उभे आणि उजवा हात गळ्यात!

"अरे, हे काय करून घेतलेस?"

"काही नाही मामा, सायकलवरून पडलो."

आता या मामाची उभी हयात दवाखान्याच्या कागदपत्रांत गेलेली. एवढ्या उत्तराने त्याचे समाधान कसे व्हावे? चहा होईपर्यंत मी उलटतपासणी उरकून घेतली. तेव्हा कळले की, सायकल साधी नव्हती, बॅटरीवरची होती. आणि चिरंजीव नुसते पडलेही नव्हते. शाळेतून परतताना, अंधारात पुढे चाललेल्या बैलगाडीवर ते मागून आदळले होते. गाडीला मागे कंदील नव्हता की चकाकणारी लाल पट्टी नव्हती. कापूस मऊ असतो हे खरे. पण तो ज्या साट्यात भरतात, त्याचे लाकूड काही मऊ नसते!

केसपेपर मागवून पाहिला. त्यावर एवढेच होते : 'पडून उजव्या मनगटाला मार.' बैलगाडी नाही, बॅटरी नाही, रस्ता नाही. सगळा अपघात त्या 'पडून'मध्ये गडप!

वाचक म्हणतील, हाड जुळले म्हणजे झाले. कागदावर काय लिहिले याची उठाठेव कशाला? पण थोडे थांबा. जगातल्या यच्चयावत दुखण्यांची एक खातेवही आहे. झाक बर्तियाँ नावाच्या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने १८९३ साली मृत्यूच्या कारणांची यादी मांडली. तिचाच विस्तार होत होत १९९० साली जागतिक आरोग्य संघटनेने दहावी आवृत्ती मंजूर केली. अकरावी २०२२ पासून अमलात आली असली, तरी अजून पुष्कळ ठिकाणी व्यवहार दहावीवरच चालतो. या वहीत प्रत्येक दुखण्याला एक अक्षर आणि काही अंक दिलेले आहेत. केसपेपर वाचून ते अंक शोधून लिहिणे, याला म्हणतात कोडिंग.

अपघाताला कोड लागतात दोन. एक, काय मोडले याचा. भाच्याचे अंगठ्याच्या बाजूचे हाड मनगटाशी मोडले, त्याचा कोड एस-५२.५. दुसरा, कशाने मोडले याचा. आणि खरी मौज इथेच आहे. सायकलस्वारांच्या अपघातांना व्ही-१० ते व्ही-१९ हे खाने, मोटारसायकलवाल्यांना व्ही-२० ते व्ही-२९. दुसरा अंक धडक कशाशी झाली ते सांगतो. माणूस किंवा जनावर असेल तर शून्य, मोटारगाडी असेल तर तीन, मालट्रक किंवा बस असेल तर चार, आणि बैलगाडी असेल तर सहा. होय, साहेबांच्या वहीत आपल्या बैलगाडीलाही जागा आहे! म्हणजे साध्या सायकलवरून बैलगाडीला धडकलात, तर व्ही-१६. मोटारसायकलवरून धडकलात, तर व्ही-२६.

मग बॅटरीवाल्या भाच्याने कुठे बसावे?

जागतिक वही मोटर लावलेल्या सायकलीला मोटारसायकलच्या पंगतीत बसवते. अमेरिकेने तर १ ऑक्टोबर २०२२ पासून आपल्या आवृत्तीत विजेच्या सायकलस्वाराला स्वतंत्र कोड दिले. पण तेही मोटारसायकलच्याच खान्यात, एक जादा अंक जोडून. आपल्याकडचा वाहनांचा नियम मात्र निराळे सांगतो. मोटरची शक्ती २५० वॅटच्या आत असेल, आणि ताशी २५ किलोमीटरला तिची मदत बंद होत असेल, तर अशी पायडलची सायकल मोटार वाहन नव्हेच. तिला नंबर नको, परवाना नको, विमाही नको. एकाच चाकावर दोन जाती!

यातली मेख पाहा. मे २०२५ मध्ये केंद्र सरकारने रस्ता-अपघातातील जखमींसाठी योजना जाहीर केली. ठरलेल्या रुग्णालयांत, अपघातापासून सात दिवसांपर्यंत, दीड लाख रुपयांच्या मर्यादेत पैसे न भरता उपचार. अट अशी की, अपघात मोटार वाहनाच्या वापरातून झालेला असावा. आता भाच्याची सायकल नियमाने मोटार नाही, आणि बैलगाडी तर नाहीच नाही! पण समजा, त्याच रस्त्यावर त्याला टेम्पोने उडवले असते, तर? मग तो या योजनेत बसला असता आणि टेम्पोच्या विम्याकडे भरपाईही मागता आली असती. त्या वेळी केसपेपरवर जर 'पडून' एवढेच राहिले असते, तर टेम्पो कागदावरून केव्हाच पसार झाला असता. त्याला पुन्हा शोधून आणताना घरच्यांच्या नाकी नऊ आले असते.

कोड म्हणजे काही न्यायनिवाडा नव्हे. हक्क कायद्याने ठरतात, कोडाने नव्हे. पण कोड लिहिणारा कारकून अपघात पाहायला गेलेला नसतो. त्याच्यापुढे असतो तो फक्त कागद. त्यावर 'पडून' असेल, तर तो बिचारा घसरून पडणाऱ्यांच्या खान्यातच नोंद करणार. अशा नोंदी साठत गेल्या, की बॅटरीच्या सायकलींनी किती जण जायबंदी झाले आणि बिनदिव्याच्या गाड्यांनी किती, हे कोणालाच सांगता येत नाही. आणि मोजलेच नाही, त्यावर उपाय तरी कोण करणार?

म्हणून एक सांगणे. कोणावर असा प्रसंग आला, तर जखमीबरोबर जाणाऱ्याने डॉक्टरांना चार गोष्टी आपण होऊन सांगाव्यात : कशावर बसला होता, चालवत होता की मागे होता, कशाला धडकला, आणि सडकेवर की शेतात. सायकल बॅटरीची असेल, तर 'बॅटरीची' हा शब्द सोडू नये. एवढे एक वाक्य कागदावर आले, की आपले काम झाले.

निघताना भाच्याला विचारले, "मग आता पुढे काय?"

"मामा, बैलगाडीवाल्याला लाल पट्टी नेऊन दिली. त्यानंच लावून घेतली."

"आणि तुझ्या डोक्याला टोपी?"

भाचेराव गप्प. बाहेर ओसरीवर हेल्मेट टांगलेले होते, आणि त्यात सूनबाईंनी वाळवणाच्या मिरच्या ठेवल्या होत्या! या नोंदीला मात्र वहीत अजून कोड नाही.