करंडक हाती आला आणि तिने निरोप घेतला

न्यूयॉर्कच्या आर्थर ॲश स्टेडियमवर १२ सप्टेंबर २०१५ च्या दुपारी जरा वेगळेच दृश्य दिसले. अमेरिकन ओपनच्या महिला एकेरीचा अंतिम सामना नुकताच संपला होता आणि बक्षीस समारंभाची मांडामांड चालली होती. अशा वेळी जिंकलेली खेळाडू एका खुर्चीत आणि हरलेली दुसऱ्या खुर्चीत टॉवेलमध्ये तोंड लपवून, हे चित्र टेनिसच्या प्रेक्षकांच्या सवयीचे. इथे मात्र हरलेली रॉबेर्ता विंची उठली, जिंकलेल्या फ्लाविया पेनेटाशेजारी येऊन बसली आणि दोघी लग्नघरात भेटलेल्या मावसबहिणींसारख्या गप्पा मारू लागल्या.

थोड्याच वेळात फ्लावियाच्या हाती करंडक आला, ३३ लाख डॉलरचा धनादेशही आला. ध्वनिक्षेपकासमोर उभी राहून तिने सर्वांचे आभार मानले आणि मग सांगितले की, महिन्याभरापूर्वीच आपण एक निर्णय घेतला आहे. टेनिसचा निरोप घ्यायचा. आणि तो घ्यावा तर असाच.

प्रेक्षकांना क्षणभर काही कळेना. आयुष्यातले पहिले ग्रँड स्लॅम एकेरी विजेतेपद जिंकून पाच-दहा मिनिटे झालेली बाई निवृत्तीची भाषा बोलते म्हणजे काय! पण तिच्या बोलण्यात आढेवेढे नव्हते. तेव्हा ती ३३ वर्षांची होती आणि तिची ही ४९ वी ग्रँड स्लॅम स्पर्धा होती. एकेरीतले पहिले मोठे विजेतेपद मिळायला इतक्या स्पर्धा खेळाव्या लागलेली महिला खेळाडू तोवर झाली नव्हती.

इटलीचा नकाशा बुटासारखा दिसतो, हे शाळेतल्या भूगोलापासून आपल्याला ठाऊक आहे. त्या बुटाच्या टाचेवर ॲड्रिॲटिक समुद्राकाठी ब्रिंडिसी हे बंदर आहे. नाव अनोळखी वाटले तरी भारताशी त्याचा जुना संबंध आहे. एके काळी लंडनहून आगगाडीने निघालेली मुंबईची टपाल याच बंदरात बोटीवर चढत असे, आणि १९३१ च्या डिसेंबरात गोलमेज परिषदेहून परतताना गांधीजी ‘पिल्स्ना’ बोटीत बसले तेही ब्रिंडिसीलाच. या गावात २५ फेब्रुवारी १९८२ रोजी फ्लावियाचा जन्म झाला. रॉबेर्ता विंची तिच्याहून एक वर्षाने लहान, पलीकडच्या तारांतो गावची. दोन गावांत अंतर सत्तरेक किलोमीटरचे. दोघी लहानपणापासून एकमेकींविरुद्ध खेळत आल्या. पुढे घर सोडून टेनिससाठी रोमला आल्या तेव्हा एकाच खोलीत राहिल्या आणि १९९९ मध्ये फ्रेंच ओपनमधली मुलींची दुहेरी स्पर्धाही त्यांनी जोडीने जिंकली. सोळा वर्षांनी न्यूयॉर्कला खुर्चीला खुर्ची लावून बसलेल्या त्या याच दोघी.

फ्लाविया कोवळ्या वयात गाजलेली खेळाडू नव्हे. सतराव्या-अठराव्या वर्षी जग जिंकणाऱ्या मुलींचा तो काळ होता. मार्टिना हिंगीस, विल्यम्स भगिनी, मारिया शारापोव्हा या सगळ्या लहानपणीच मोठ्या झाल्या. फ्लाविया पायरी पायरीने वर चढली. फोरहँड आणि बॅकहँड दोन्ही सरळ, स्वच्छ, सर्व्हिस कामापुरती, डोळे दिपवणारा एकही फटका नाही. तिची खरी ताकद टिकून राहण्यात होती, आणि ती ताकद ध्यानात यायला पाहणाऱ्यालाही वेळ लागतो.

तशात २००७ साल तिला फार जड गेले. स्पेनचा नामवंत टेनिसपटू कार्लोस मोया याच्याशी असलेले तिचे नाते तुटले. पुढे आपल्या आत्मचरित्रात तिने त्या दिवसांबद्दल मोकळेपणाने लिहिले आहे. पुस्तकाचे नाव ‘द्रित्तो अल कुओरे’. इटालियन भाषेत ‘द्रित्तो’ म्हणजे सरळ आणि ‘द्रित्तो’ म्हणजे फोरहँडचा फटकाही. थेट काळजात शिरणारा, असा तो दुहेरी अर्थ. दुसरे कोणी असते तर रॅकेट कपाटात ठेवून बसले असते. ही २००८ च्या सुरुवातीलाच चिलीतली विन्या देल मारची स्पर्धा आणि पाठोपाठ मेक्सिकोतली अकापुल्कोची स्पर्धा जिंकून आली.

पुढल्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये जागतिक क्रमवारीत ती दहाव्या स्थानावर पोचली. पहिल्या दहांत आलेली ती इटलीची पहिली महिला. पुरुषांमध्ये पानात्ता आणि बाराझुत्ती यांनी हा मान सत्तरच्या दशकातच मिळवला होता. बायकांना त्यासाठी तीस वर्षे थांबावे लागले.

त्याच २००९ सालच्या अमेरिकन ओपनमधला एक सामना अजून सांगितला जातो. चौथ्या फेरीत समोर रशियाची व्हेरा झ्वोनारेव्हा होती. पहिला सेट फ्लावियाने गमावला आणि दुसऱ्या सेटमध्ये एक नाही, दोन नाही, सहा मॅच पॉइंट तिच्या विरुद्ध गेले. म्हणजे सहा वेळा असे झाले की, पुढचा एक गुण गेला की सामान आवरायचे. सहाही वेळा ती वाचली. तो सेट टायब्रेकरवर तिने जिंकला. झ्वोनारेव्हा रडवेली होऊन स्वतःच्या पायांवरच्या पट्ट्या ओरबाडून काढू लागली, आणि तिसरा सेट ६-० असा एकतर्फी झाला. पाहणाऱ्याला कोणाची कीव करावी आणि कोणाचे कौतुक, असा प्रश्न पडावा.

दुहेरीत तर ती त्याहून वर गेली. अर्जेंटिनाच्या गिसेला दुल्कोबरोबर २०११ ची ऑस्ट्रेलियन ओपन तिने जिंकली आणि त्याच फेब्रुवारीत दुहेरीच्या जागतिक क्रमवारीत पहिल्या क्रमांकावर जाऊन बसली. महिलांच्या सांघिक स्पर्धेत, फेड कपमध्ये, २००६ ते २०१३ या काळात इटलीने चार वेळा बाजी मारली. स्कियावोने, पेनेटा, विंची, एर्रानी ही नावे त्या काळी एका दमात घेतली जात. त्यांतल्या फ्रांचेस्का स्कियावोनेने २०१० ची फ्रेंच ओपन जिंकून दाखवली होती. एकेरीतल्या ग्रँड स्लॅम विजेतेपदाची पाटी फ्लावियाची मात्र कोरीच होती.

ऑगस्ट २०१२ मध्ये उजव्या मनगटावर शस्त्रक्रिया करावी लागली. टेनिसपटूचे मनगट म्हणजे सतारियाची बोटे. कित्येक महिने स्पर्धा बंद, क्रमवारीत दीडशेच्याही खाली घसरण, आणि वय तिशी ओलांडलेले. सोडायचेच असते तर याहून सबळ कारण कोणते हवे होते? पण २०१३ च्या अमेरिकन ओपनमध्ये, क्रमवारीत ८३ वी असताना, तिने उपांत्य फेरी गाठली. उपांत्यपूर्व फेरीत तिने हरवले ते रॉबेर्ता विंचीलाच. मार्च २०१४ मध्ये इंडियन वेल्सला उपांत्य फेरीत ली ना आणि अंतिम फेरीत आग्निएश्का रादवान्स्का अशा त्या वेळच्या दोन अव्वल खेळाडूंना हरवून तिने कारकिर्दीतले तोवरचे सर्वांत मोठे विजेतेपद मिळवले.

मग २०१५ चा उन्हाळा आला. ऑगस्टमध्ये टोरांटोच्या स्पर्धेच्या सुमारास तिने मनाशी ठरवले की हे वर्ष संपले की पुरे. शरीर थकले होते असे नाही. वर्षातले वीस-चोवीस आठवडे देशोदेशी हिंडायचे आणि दर आठवड्याला तितक्याच ईर्षेने लढायचे, ती ईर्षा आता रोज उठून येत नाही, असे तिने नंतर पत्रकारांना सांगितले. वर्षानुवर्षे एकच काम जीव ओतून केलेल्या कोणालाही हे चटकन कळेल. काम जमते, हातही चालतो, पण सकाळी निघताना पाय अडखळतो.

असा निर्णय गाठीशी बांधून ती न्यूयॉर्कला आली. मानांकन २६ वे, त्यामुळे तिच्याकडे कोणी फारसे पाहतही नव्हते. सगळ्यांचे डोळे सेरेना विल्यम्सवर होते. त्या वर्षीच्या तिन्ही ग्रँड स्लॅम स्पर्धा सेरेनाने जिंकल्या होत्या. चौथी जिंकली की १९८८ च्या स्टेफी ग्राफनंतर एकाच वर्षात चारही जिंकणारी ती पहिली ठरणार होती. महिलांच्या अंतिम सामन्याची तिकिटे पुरुषांच्या सामन्याआधी संपली होती. फ्लाविया आपल्या बाजूने एकेक सामना काढत गेली. चौथ्या फेरीत समांथा स्टोसूर, मग पहिला सेट हरल्यावर पेत्रा क्वितोव्हा. पावसामुळे उपांत्य सामने गुरुवारचे शुक्रवारी गेले, आणि त्यात दुसऱ्या मानांकित सिमोना हालेपला तिने ६-१, ६-३ असे अक्षरशः उडवले.

त्याच दिवशी दुसऱ्या उपांत्य सामन्यात टेनिसमधला एक मोठा चमत्कार घडला. क्रमवारीत ४३ वी, मानांकन नसलेली, जेमतेम सव्वापाच फूट उंचीची रॉबेर्ता विंची सेरेनासमोर उभी राहिली. पहिला सेट गेल्यावरही तिने आपल्या एकहाती बॅकहँडने चेंडू कापून कापून खाली ठेवला आणि २-६, ६-४, ६-४ असा सामना घेतला. टाचेवरच्या शेजारच्या गावांतल्या दोन मुली ग्रँड स्लॅमच्या अंतिम फेरीत समोरासमोर आल्या. दोन्ही बाजूंना इटालियन, असे त्यापूर्वी कधीच झाले नव्हते. इटलीचे तेव्हाचे पंतप्रधान मातेओ रेन्झी कार्यक्रम बाजूला ठेवून विमानाने न्यूयॉर्कला आले.

सामना दीड तास चालला. खेळ म्हणून तो काही अविस्मरणीय नव्हता, हे प्रामाणिकपणे म्हटले पाहिजे. पहिल्या सेटमध्ये दोघींच्या हातापायांत दडपण दिसत होते आणि चुकाही झाल्या. फ्लावियाने टायब्रेकर ७-४ असा काढला. दुसऱ्या सेटमध्ये ती सुटली, रॉबेर्ता थकली, आणि ६-२ वर शेवटचा फोरहँड मारून फ्लावियाने रॅकेट आकाशात भिरकावली. जाळीपाशी दोघींनी घातलेली मिठी मात्र लवकर सुटेना.

भारतीय प्रेक्षकांचे त्या स्पर्धेत वेगळेही लक्ष होते. दुहेरीच्या उपांत्य सामन्यात पेनेटा आणि सारा एर्रानी या इटालियन जोडीला ६-४, ६-१ असे हरवले ते सानिया मिर्झा आणि मार्टिना हिंगीस यांनी, आणि पुढे विजेतेपदही त्यांनीच मिळवले. गंमत अशी की आदल्याच वर्षी हिंगीस होती पेनेटाची जोडीदार. २०१४ च्या अमेरिकन ओपनची दुहेरीची अंतिम फेरी दोघींनी मिळून गाठली होती. दुहेरीत अशा सोयरिकी जुळतात नि मोडतात, त्याचे कोणी मनाला लावून घेत नाही.

विजयानंतर निवृत्ती घेणारी फ्लाविया काही पहिली नव्हे. पीट सॅम्प्रसने २००२ ची अमेरिकन ओपन जिंकली आणि त्यानंतर तो स्पर्धेत उतरलाच नाही, पण निवृत्ती जाहीर करायला त्याला वर्ष लागले. फ्रान्सच्या मारियाँ बार्तोलीने २०१३ चे विंबल्डन जिंकून दीड महिन्यात खेळ सोडला. पुढे काही वर्षांनी पुन्हा येण्याची खटपटही केली. फ्लावियाची गोष्ट निराळी अशासाठी की तिचा निर्णय विजयाआधीचा होता. म्हणजे विजयाने तो मोडण्याचा मोह समोर आणून ठेवला. विजेत्या खेळाडूला पुढल्या वर्षी कुठेही मानाचे पान असते, जाहिरातदार दारात उभे असतात, आणि ‘आता तर खरी सुरुवात’ असे सांगणारे हितचिंतक तर पैशाला पासरी. २८ सप्टेंबरला जी क्रमवारी जाहीर झाली तीत ती सहाव्या स्थानावर होती. आयुष्यातले सर्वोच्च स्थान! आणि तरीही तिचे उत्तर बदलले नाही.

तरी तिने शेवट अर्धवट सोडला नाही. पहिल्या आठ जणींसाठी असलेल्या सिंगापूरच्या वर्षअखेरच्या स्पर्धेस ती पात्र ठरली. तिथे हालेपने तिला सहज हरवले, रादवान्स्काला तिने हरवले, आणि ऑक्टोबरअखेर मारिया शारापोव्हाविरुद्धचा ७-५, ६-१ असा गमावलेला सामना तिचा शेवटचा ठरला. एकेरीची अकरा आणि दुहेरीची सतरा विजेतेपदे, एवढी तिची जमा.

जून २०१६ मध्ये ब्रिंडिसीजवळच्या ओस्तुनी या पांढऱ्याशुभ्र घरांच्या गावी तिचे लग्न झाले. नवरा फाबिओ फोनिनी, तोही टेनिसपटू, स्वभावाने तिखट, रॅकेट आपटण्याबद्दल प्रसिद्ध. अंतिम सामना पाहायला तोही न्यूयॉर्कला धावत आला होता. २०१७ मध्ये पहिला मुलगा झाला, मग दोन मुली. इटलीच्या दूरचित्रवाणीवर टेनिसचे समालोचन करताना फ्लाविया दिसू लागली. तिने पुन्हा खेळावे अशा वावड्या मधूनमधून उठत राहिल्या, ऑलिंपिकच्या आधी तर हमखास. ती परतली नाही.

रॉबेर्ता विंचीला मात्र इतक्यात थांबायचे नव्हते. न्यूयॉर्कच्या पराभवानंतर पाचच महिन्यांनी, फेब्रुवारी २०१६ मध्ये, वयाच्या ३३ व्या वर्षी तीही पहिल्यांदा जगातल्या पहिल्या दहा जणींत आली. तिने शेवटचा सामना खेळला तो मे २०१८ मध्ये, रोमला, घरच्या प्रेक्षकांसमोर. पहिल्याच फेरीत हरली आणि डोळे पुसत बाहेर आली. फोनिनी आणखी सात वर्षे खेळला. २०२५ च्या विंबल्डनमध्ये पहिल्याच फेरीत कार्लोस अल्काराझला त्याने पाच सेटपर्यंत झुंजवले आणि आठ-दहा दिवसांत, वयाच्या ३८ व्या वर्षी, निवृत्ती जाहीर केली. तेव्हा फ्लावियाला खेळ सोडून दहा वर्षे होत आली होती.