राजकन्येची सुट्टी आणि तेंदूपत्त्याचा हंगाम

विदर्भात शाळांना उन्हाळ्याची सुट्टी लागते त्याच सुमारास जंगलात तेंदूपत्त्याचा हंगाम सुरू होतो. पारशिवनी तालुक्यात पेंचच्या रानालगतच्या गावांतील मजूर घरची मुलगी पहाटे आईच्या मागोमाग पाने खुडायला जाते, दुपारी पुडे बांधते आणि सायंकाळी ते मोजून घेतले जाईपर्यंत फडावर ताटकळते. सुट्टी या शब्दाचा तिच्यापुरता अर्थ एवढाच.

अशाच वयाच्या मुलींसाठी आज राजकन्यांच्या गुळगुळीत, रंगीत गोष्टींचा सुकाळ झाला आहे. त्यांचा साचा ठरलेला आहे. राजकन्या सुट्टीसाठी समुद्रकाठच्या प्रासादात जाते. तिथे एक अनोळखी तरुण भेटतो. तो राजपुत्रच निघतो. नृत्याची रात्र होते आणि बोटात अंगठी येते. ही निरागस करमणूक आहे, असे सांगितले जाते. ती निरागस मुळीच नाही.

१९७१ साली २६व्या घटनादुरुस्तीने संस्थानिकांचे तनखे आणि पदव्या रद्द झाल्या. समाजवादी चळवळीला तो आपल्या दीर्घ आग्रहाचा विजय वाटला आणि ते रास्तच होते. परंतु कायद्याने उतरवलेले मुकुट बाजाराने उचलले. जयपूरचा रामबाग राजवाडा १९५७ मध्येच हॉटेल बनला होता, उदयपूरचा जगनिवास १९६३ मध्ये. डिस्ने कंपनीने तर या शतकाच्या आरंभी आपल्या साऱ्या राजकन्या एकाच व्यापारी छापाखाली आणल्या आणि बाहुलीपासून दप्तरापर्यंत विकल्या. राजवाड्यातील सुट्टीची प्रेमकथा ही या दोन्ही धंद्यांची फुकटची जाहिरात होय. तनखा सरकारी तिजोरीतून जात होता. आता तो पालकांच्या खिशातून जातो.

या कथांत काय असते त्याहून काय नसते, हे अधिक महत्त्वाचे आहे. प्रासादात रोज पलंगपोस बदलला जातो, पण बदलणारी बाई दिसत नाही. मेजवानीची भांडी कोणी घासली, हे कळत नाही. पेंचच्या भोवती आज शहरी पाहुण्यांसाठी विश्रामस्थाने उभी आहेत आणि तिथली झाडलोट काठावरच्या गावांतील बाया करतात. म्हणजे पारशिवनीची मुलगी ही गोष्ट वाचते तेव्हा जिला कथेतून पुसून टाकले आहे तीच आपण आहोत, हे विसरण्याचा धडा ती गिरवत असते.

दुसरा धडा याहून घातक आहे. चित्रपटातील 'स्लीपिंग ब्यूटी'चे (१९५९) वय सोळा, 'लिटल मरमेड'चेही (१९८९) सोळा; आणि दोघींच्या कथेची सांगता राजपुत्राशीच होते. आपल्याकडे मुलीच्या लग्नाचे किमान वय अठरा करण्यासाठी १९७८ साल उजाडावे लागले. ज्या समाजात हंगाम आणि लग्नसराई हातात हात घालून येतात आणि जूनअखेर शाळा उघडते तेव्हा एखादा बाक रिकामा राहतो, तिथे कोणीतरी आपल्याला पसंत करणे हीच मुक्ती, असे कोवळ्या मनावर बिंबवणे हा खेळ नव्हे.

यावर आक्षेप येईल की समाजवाद्यांना मुलांची स्वप्नेही खुपतात. हा आक्षेप पोकळ आहे. राजा आपल्या लोककथांतही आहे. पण तिथे शिंप्याकडून टोपी शिवून घेणारा उंदीर भर दरबारात त्याची फटफजिती करतो. मराठी पोर त्या उंदराच्या बाजूने हसत मोठे झाले. कल्पनाशक्ती ती आणि कल्पनाशक्ती हीही. फरक आहे तो ताठ मानेचा. फुले दांपत्याच्या शाळेत शिकलेल्या मुक्ता साळवे या मातंग मुलीने १८५५ साली 'ज्ञानोदया'त महार-मांगांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला. तिला राजपुत्र भेटला नव्हता, अक्षर भेटले होते.

म्हणून पुस्तके जाळण्याची वा बंदीची भाषा करण्याचे कारण नाही. ती भाषा हुकूमशहांची आहे. कार्यकर्त्यांनी एवढे करावे: गावच्या वाचनालयात बालविभागासाठी आग्रह धरावा, सुट्टीत मुलांना जमवून आजीबाईंच्या गोष्टी त्यांच्याच हातून लिहून घ्याव्यात आणि तेंदूच्या रानातील मुलीला तिच्या स्वतःच्या सुट्टीची गोष्ट लिहायला सांगावे. त्या गोष्टीत प्रासाद नसेल. पण पुडे मोजताना झालेली फसवणूक तिने एकदा कागदावर मांडली, की ती मोजणी पुढच्या हंगामात पहिल्यासारखी मुकाट्याने होणार नाही.