तुकड्यात उरते ती सून

समुपदेशनाला आलेल्या एका बाईने मला मोबाईल दाखवला. नणंदेने घरच्या ग्रुपवर ‘बागबान’चा (२००३) तुकडा टाकला होता, खाली हिचे नाव. अख्ख्या सिनेमात मुलगेही दोषी आहेत. पण कुणीतरी फुकट उतरवून, कापून फिरवलेल्या तुकड्यात सून तेवढी उरते. २००७च्या कायद्याने आईवडिलांच्या निर्वाहाची जबाबदारी अपत्यांवर आणि सज्ञान नातवंडांवर टाकली. त्या व्याख्येत सून नाही. एका थपडेवरून घटस्फोट मागणारी ‘थप्पड’ची (२०२०) नायिका मात्र त्या ग्रुपवर फिरकत नाही! मैत्रिणींनो, हा निवाडा आपण मुकाट का मानायचा? आईचे अंथरूण बदलायला मुलाचे हात का चालत नाहीत, हे वस्तीच्या बैठकीत पुरुषांसमोरच विचारूया.