बातमी संपली, प्रश्न उरला

विष्णुपुरीचे सरकारी रुग्णालय म्हणजे गोरगरिबांचा शेवटचा आसरा. नांदेडच नव्हे, तर हिंगोली, परभणी, यवतमाळ आणि शेजारच्या तेलंगणातूनही पेशंट इथे येतात. खाजगी दवाखान्याचे बिल ज्याला झेपत नाही, तो इथे येतो. त्यात आपलीही माणसे असतात.

३० सप्टेंबर ते १ ऑक्टोबर २०२३ या चोवीस तासांत तिथे २४ जण दगावले. त्यांत १२ नवजात बालके होती. वर्तमानपत्रांनी आणि टीव्हीने ही बातमी देशभर नेली. मुंबई उच्च न्यायालयाने स्वतःहून दखल घेऊन सरकारला जाब विचारला. पत्रकार नसते तर ते मृत्यू रजिस्टरातच राहिले असते. हे श्रेय त्यांना दिलेच पाहिजे.

पण ३ ऑक्टोबरला काय झाले? हिंगोलीचे तेव्हाचे खासदार हेमंत पाटील यांनी रुग्णालयाच्या अधिष्ठात्यांना संडास साफ करायला लावले. कॅमेरे समोर होतेच. पुढे त्यांच्यावर ॲट्रॉसिटीचा गुन्हा दाखल झाला. टीव्हीवर तेच चित्र पुन्हा पुन्हा फिरले. आयांची रिकामी कूस मागे पडली. औषधे बाहेरून आणावी लागली, असे नातेवाईक सांगत होते. तुटवडा नव्हता, असे प्रशासन म्हणत होते. खरे काय, याचा शेवटपर्यंत पाठपुरावा किती जणांनी केला?

आणखी एक गोष्ट मनाला लागते. साहेबाच्या हाती झाडू आला की तो अपमान ठरतो, त्याची बातमी होते. मग जन्मभर झाडू हाती धरणाऱ्या सफाई कामगाराचे काय? त्याचा पगार, त्याच्या रिकाम्या जागा, यांची बातमी कधी होते?

बाबासाहेबांनी हे फार पूर्वी ओळखले होते. म्हणून तर ३१ जानेवारी १९२० रोजी ‘मूकनायक’ निघाला. त्याची जाहिरात पैसे देऊनही छापायला ‘केसरी’ तयार नव्हता. पुढे ‘बहिष्कृत भारत’, ‘जनता’, ‘प्रबुद्ध भारत’ आले.

बंधू-भगिनींनो, पेपर वाचा, पण कालामांना तथागतांनी सांगितले तसे, पारखून घ्या. रात्री जेवताना मुलांना विचारा: ही बातमी कुणाची? यात कोण बोलले नाही? महिन्याने हिचे काय झाले? उत्तर मिळाले नाही, तर संपादकांना एक पत्र टाका. लिहिता येत नसेल तर मुलीकडून लिहून घ्या. मुके राहू नका.

जयभीम!